वऱ्हाड 'मुळात' कोणाचं? पैनगंगेच्या काठावरून युक्रेन समजून घेताना

मागच्या वर्षी आमच्या विभागात माझं प्रगती सादरीकरण होतं. माझा विषय इतिहासाचा नाही. मी मृदाशास्त्रातली. यवतमाळ जिल्ह्यातल्या काळ्या जमिनीत गेल्या शंभर-सव्वाशे वर्षांत काय बदल झाला, यावर माझं काम चालू आहे. तुलनेसाठी जुनी नोंद हवी म्हणून मी १९०८ चं यवतमाळ जिल्ह्याचं गॅझेटियर वापरलं होतं. दुसऱ्याच स्लाइडवर नकाशाखाली लिहिलं होतं: 'ब्रिटिश भारतातील यवतमाळ जिल्हा, १९०८'.

प्रश्नोत्तरं सुरू झाली तेव्हा मागच्या रांगेतले इतिहासाचे एक निवृत्त सर उठले. म्हणाले, "बेटा, मातीचं तू म्हणतेस ते बरोबरच असेल, मला त्यातलं कळत नाही. पण १९०८ मध्ये यवतमाळ ब्रिटिश भारतात नव्हतं. कागदावर ते निजामाचं होतं. इंग्रजांकडे फक्त पट्टा होता."

मला आधी वाटलं, सर चेष्टा करतायत. कारण माझं आजोळ उमरखेडकडचं. आजीच्या तोंडी लहानपणापासून ऐकलेलं की पैनगंगेच्या अल्याड इंग्रजांचं राज्य आणि पल्याड मोगलाई. मोगलाई म्हणजे निजामाचा मुलूख. म्हणजे आजीच्या हिशेबात निजाम नदीच्या पलीकडे होता, आणि सरांच्या हिशेबात आपण उभे आहोत तिथेही होता. दोघांपैकी एक कोणीतरी चुकतंय, असं धरून मी वाचायला सुरुवात केली. दोघंही बरोबर निघाले. चुकले होते मी.

नेमकं त्याच दिवसांत हॉस्टेलवर युक्रेनच्या बातम्यांवरून वाद चालायचे. एक मैत्रीण म्हणाली, "पण युक्रेन मुळात रशियाचाच भाग होता ना?" दुसरी म्हणाली, "मुळात रशियाच कीव्हमधून निघाला." दोघी 'मुळात' या शब्दावर सगळा भार टाकत होत्या. तोपर्यंत माझं वऱ्हाडचं वाचन बरंच झालं होतं, आणि माझ्या लक्षात आलं की हा शब्दच गडबड करतोय. या लेखात मी तेवढंच सांगणार आहे. आधी आपल्या जिल्ह्याची गोष्ट, मग युक्रेनची, आणि शेवटी संशोधन करू इच्छिणाऱ्यांनी यातून काय घ्यायचं ते.

दोन नद्या, एक जिल्हा

यवतमाळ जिल्ह्याचा नकाशा समोर ठेवा. पूर्वेला वर्धा नदी, दक्षिणेला पैनगंगा. शाळेत आपण याला 'नैसर्गिक सीमा' म्हणून पाठ केलं. पण नदी आपणहून सीमा होत नाही. कोणीतरी तहात तसं लिहितं, मग ती सीमा होते.

वऱ्हाड हा बहमनी राज्याचा एक प्रांत. पुढे एलिचपूरच्या, म्हणजे आजच्या अचलपूरच्या, इमादशाहीचा. १५७४ मध्ये तो अहमदनगरच्या निजामशाहीने घेतला. १५९६ मध्ये चांदबिबीला तो मोगलांना द्यावा लागला. अबुल फजलच्या 'ऐन-इ-अकबरी'त वऱ्हाड सुभ्याच्या सरकारांची यादी आहे, त्यात आपलं कळंब आहे आणि माहूरही आहे. त्याच नोंदींवरून दिसतं की कळंबच्या आसपास चांद्याच्या गोंड राजांचा जोर होता. म्हणजे मोगलांच्या कागदात सुभा मोगलांचा, आणि जंगलात हुकूम गोंडांचा.

१७१९ मध्ये मराठ्यांना दख्खनच्या सहा सुभ्यांवर चौथाई आणि सरदेशमुखीच्या सनदा मिळाल्या. त्यात वऱ्हाड होता. पाचच वर्षांनी, १७२४ मध्ये, आजच्या बुलढाणा जिल्ह्यातल्या साखरखेर्ड्याजवळ निजाम-उल-मुल्कने मुबारिझखानाला हरवलं आणि तो दख्खनमध्ये जवळपास स्वतंत्र झाला. आता एकाच शेताच्या उत्पन्नावर दोन हक्कदार झाले, निजाम आणि भोसले. या व्यवस्थेला 'दोअमली' म्हणायचे.

भोसल्यांची गोष्ट तर आपल्या जिल्ह्यातच घडली. सेनासाहेबसुभा कान्होजी भोसल्यांचं ठाणं भाम इथे होतं. पुतण्या रघुजीने भामला वेढा घातला. कान्होजी निसटले, पण वणीजवळ मंदर इथे पकडले गेले. नागपूरकर भोसल्यांच्या राज्याची सुरुवात अशी यवतमाळच्या मातीत झाली. आता कोणी म्हणालं की 'यवतमाळ मुळात नागपूरच्या भोसल्यांचं', तर पुरावा आहे. 'मुळात निजामाचं' म्हणालं, तरी आहे. 'मुळात गोंडांचं' म्हणालं, तरी आहे.

१८०३ मध्ये इंग्रजांनी भोसल्यांना अकोल्याकडच्या अडगावला हरवलं, लगेच गाविलगड घेतला, आणि १७ डिसेंबर १८०३ रोजी देवगावचा तह झाला. भोसल्यांनी वर्धा नदीच्या पश्चिमेकडचा मुलूख सोडला. नरनाळा आणि गाविलगड तेवढे स्वतःकडे ठेवले, तेही १८१७-१८ च्या युद्धानंतर गेले. इंग्रजांनी हा मुलूख आपल्या मित्राला, निजामाला दिला. वर्धा नदी सीमा झाली ती अशी. त्या दिवशी नदीचं पात्र कुठेही हललं नाही, पण पश्चिम काठावरच्या कुणब्याचा, कोलामाचा, बंजाऱ्याचा धनी बदलला. त्याला कोणी विचारलं नाही.

कर्जापायी गेलेला मुलूख

आता पैनगंगेकडे वळू. निजामाच्या राज्यात इंग्रज अधिकाऱ्यांच्या हाताखाली एक फौज होती, हैदराबाद कंटिंजंट. फौज इंग्रजांच्या हुकुमात, खर्च निजामाच्या माथी. खर्च थकत गेला, कर्ज साचलं. सुमारे ५० लाखांच्या त्या कर्जापायी लॉर्ड डलहौसीच्या काळात, २१ मे १८५३ रोजी, तह झाला. वऱ्हाड, धाराशिव आणि रायचूर दुआब हे प्रदेश इंग्रजांच्या कारभारात गेले. त्यांच्या उत्पन्नातून फौजेचा खर्च भागवायचा, उरेल ते निजामाला द्यायचं आणि दरसाल हिशेब दाखवायचा, असं ठरलं.

इथे एक शब्द नीट बघा. तहात हे प्रदेश इंग्रजांच्या मालकीचे झाले असं म्हटलेलं नाही, 'असाइन' केले असं म्हटलंय. आपल्या भाषेत सांगायचं तर जमीन विकली नाही, वहिवाटीला दिली. सातबारावर नाव निजामाचंच राहिलं, कसणारा बदलला. म्हणूनच आल्फ्रेड लायलने १८७० मध्ये वऱ्हाडचं जे गॅझेटियर काढलं, त्याच्या नावात वऱ्हाडला 'हैदराबाद असाइन्ड डिस्ट्रिक्ट्स' म्हटलंय.

१८५७ मध्ये हैदराबादने इंग्रजांना साथ दिली. त्याची परतफेड म्हणून १८६० मध्ये नवा तह झाला. धाराशिव आणि रायचूर दुआब परत मिळाले, ५० लाखांचं कर्ज माफ झालं. वऱ्हाड मात्र परत मिळालं नाही. ते इंग्रजांकडे विश्वस्त म्हणून राहिलं आणि निजामाने हिशेब मागायचा हक्कही सोडला.

धाराशिव परत आणि वऱ्हाड नाही, असं का? याचं एक कारण माझ्या विषयात आहे. इथली काळी जमीन डेक्कनच्या बेसॉल्ट खडकापासून झालेली, चिकणमातीचं प्रमाण जास्त, पाणी धरून ठेवणारी. कापसासाठी याहून चांगली जमीन शोधून सापडायची नाही. १८६१ ते १८६५ अमेरिकेत यादवी युद्ध झालं, मँचेस्टरच्या गिरण्यांना तिकडचा कापूस मिळेना, आणि वऱ्हाडचा भाव वाढला. १८६७ पर्यंत मुंबईहून निघालेली रेल्वे वऱ्हाडातून नागपूरला पोचली. पुढे मूर्तिजापूर-यवतमाळ ही छोटी लाइन, आपली शकुंतला, कापसासाठीच आली. एवढी गुंतवणूक झाल्यावर वहिवाटदार जमीन सोडतो का?

निजामाचा दिवाण पहिला सालारजंग याने वऱ्हाड परत मिळवायचा बराच प्रयत्न केला. १८७६ मध्ये तो इंग्लंडलाही जाऊन आला. उपयोग झाला नाही. शेवटी नोव्हेंबर १९०२ मध्ये लॉर्ड कर्झनने निजाम मेहबूब अलीखानाकडून कायमचा पट्टा लिहून घेतला. दरसाल २५ लाख रुपये भाडं, आणि निजामाचं सार्वभौमत्व मान्य. त्याच सुमाराला निजामाला 'जी.सी.बी.' हा किताब मिळाला. लोकांनी त्याचा अर्थ लावला, 'गेव्ह कर्झन बेरार'.

१९०३ मध्ये वऱ्हाड मध्यप्रांताला जोडलं. १९०५ मध्ये सहा जिल्ह्यांचे चार केले. जुन्या 'वणी' जिल्ह्याचं नाव 'यवतमाळ' झालं आणि वाशीम जिल्ह्यातला पुसद तालुका त्यात आला.

म्हणजे सर बरोबर होते. १९०८ मध्ये यवतमाळचा सार्वभौम राजा हैदराबादला बसला होता. आणि आजीही बरोबर होती. कारण उमरखेडच्या माणसाला पोलीस, कोर्ट, शाळा, शेतसारा या रूपात जे सरकार दिसायचं ते इंग्रजांचं, आणि नदी ओलांडून हदगावला गेलं की वेगळं.

कागद एकीकडे, माणसं दुसरीकडे

ही नुसती शाब्दिक गंमत नव्हती. वऱ्हाड कायद्याने ब्रिटिश भारत नसल्यामुळे ब्रिटिश भारतातले कायदे इथे आपोआप लागू व्हायचे नाहीत. परकीय मुलखातल्या अधिकाराखाली ते वेगळे लागू करावे लागायचे. १९१९ च्या सुधारणांनंतर निवडणुका आल्या, तेव्हा तर कमाल झाली. वऱ्हाडात मतदान व्हायचं, उमेदवार निवडून यायचे आणि मग सरकार त्यांना नागपूरच्या कौन्सिलवर 'नियुक्त' करायचं. कारण जो प्रदेश ब्रिटिश भारतात नाही, तिथला सदस्य कायद्याने 'निवडून' येऊ शकत नव्हता.

१९२३ मध्ये सातवा निजाम उस्मान अलीखान याने व्हाइसरॉय लॉर्ड रीडिंगकडे वऱ्हाड परत मागितलं. वऱ्हाडी लोकांना अंतर्गत स्वायत्तता देण्याची तयारीही दाखवली. २७ मार्च १९२६ च्या उत्तरात रीडिंगने वऱ्हाड तर नाकारलंच, वर हेही सुनावलं की हिंदुस्थानात ब्रिटिश मुकुटाची सत्ता सर्वोच्च आहे आणि कोणताही संस्थानिक बरोबरीच्या नात्याने बोलू शकत नाही. एका कर्जातून निघालेला हा वाद संस्थानं आणि इंग्रज यांच्या नात्याची व्याख्या करून गेला.

तरी कागदावरचा हक्क मिटला नाही. १९३६ च्या करारात तो पुन्हा मान्य झाला. निजाम 'हैदराबाद आणि बेरारचा निजाम' झाला, त्याचा वारस आझम जाह 'प्रिन्स ऑफ बेरार' झाला, ब्रिटिश झेंड्याशेजारी निजामाचा झेंडा लावायचा हक्क मिळाला. ज्या बेरारचा तो प्रिन्स, तिथे त्याचं राज्य एक दिवसही नव्हतं.

दरम्यान इथले लोक काय करत होते? १० जुलै १९३० रोजी पुसदला जंगल सत्याग्रह झाला. वणीचे बापूजी अणे, म्हणजे लोकनायक अणे, यांनी गवत कापून जंगल कायदा मोडला. विचार करा, जमीन कागदावर निजामाची, कायदा इंग्रजांचा, आणि तो मोडणारा माणूस स्वतःला या दोघांपैकी कोणाचाच प्रजाजन मानत नव्हता. १९३० पर्यंत वऱ्हाडचं राजकारण काँग्रेस, नागपूर, मुंबई, पुणे यांच्याशी जोडलं गेलं होतं. हैदराबाद हा पत्ता फक्त करारांत उरला होता.

१९४७: पट्टा संपला, जमीन परत करा

इंग्रज निघाले तेव्हा निजामाचा युक्तिवाद सरळ होता. पट्टा इंग्रजांशी होता. इंग्रज गेले, पट्टा संपला, जमीन मूळ मालकाला परत. घरमालक आणि भाडेकरू यांच्या हिशेबाने पाहिलं तर यात खोट काढणं अवघड आहे.

पण वऱ्हाड परत गेलं नाही. १५ ऑगस्टनंतरही कारभार मध्यप्रांत-वऱ्हाडच्या सरकारकडेच राहिला. ८ ऑगस्ट १९४७ रोजी अकोल्याला विदर्भ आणि पश्चिम महाराष्ट्रातले पुढारी एकत्र बसले आणि मराठी प्रांत झाला तर त्यात दोन उपप्रांत असावेत, असा करार केला. म्हणजे इथल्या पुढाऱ्यांची चर्चा 'महाराष्ट्रात कसं राहायचं' यावर होती, 'निजामाकडे जायचं का' यावर नव्हती.

नदीपलीकडे वेगळंच चाललं होतं. निजामाने स्वतंत्र राहायचं ठरवलं, २९ नोव्हेंबर १९४७ रोजी भारताशी जैसे थे करार केला, कासिम रझवीचे रझाकार गावं जाळायला लागले. नदी ओलांडून माणसं अल्याड येत होती. आजी तेव्हा दहा-बारा वर्षांची. तिला तह, पट्टा, सार्वभौमत्व यातलं काही माहीत नव्हतं. तिला आठवतं ते एवढंच की मळ्यातल्या कोठ्यात पलीकडचं एक कुटुंब पावसाळाभर राहिलं होतं आणि त्यांच्यातली म्हातारी रात्री कंदील लावू द्यायची नाही.

१३ सप्टेंबर १९४८ रोजी भारतीय फौजा हैदराबाद संस्थानात शिरल्या, पाच दिवसांत निजामाच्या फौजेने शरणागती दिली. वऱ्हाडवरचा दावा त्याच्याबरोबर संपला.

इथे स्वतःशी प्रामाणिक राहायला हवं. हा प्रश्न शेवटी ताकदीने सुटला. वऱ्हाडच्या लोकांना मतपेटीतून 'तुम्हाला कुठे राहायचंय' असं थेट कधी विचारलं गेलं नाही. १९५० मध्ये आपण मध्य प्रदेशात होतो, १९५६ मध्ये द्विभाषिक मुंबई राज्यात आलो, १९६० मध्ये महाराष्ट्रात. मधल्या काळात फाजल अली आयोगाने वेगळ्या विदर्भाची शिफारस केली होती, आणि बापूजी अणेही वेगळ्या विदर्भाच्या बाजूचे होते.

आता युक्रेन

एवढी तयारी झाल्यावर युक्रेनचा इतिहास वाचला तर बऱ्याच गोष्टी ओळखीच्या वाटतात.

तिकडेही काळी जमीन आहे, तिला 'चेर्नोझेम' म्हणतात. शब्दाचा अर्थच काळी माती. आपली काळी खडकातल्या खनिजामुळे, त्यांची हजारो वर्षांच्या गवताच्या कुजलेल्या मुळांमुळे. आपल्या जमिनीवर कापूस, त्यांच्या जमिनीवर गहू. अशा जमिनीवर सगळ्यांचा डोळा असतो, हे दोन्हीकडे सारखं.

तिकडेही नदीची सीमा आहे. १६४८ मध्ये बोहदान ख्मेलनित्स्कीच्या नेतृत्वाखाली कोसॅकांनी पोलंडविरुद्ध बंड केलं. आधार हवा म्हणून १६५४ मध्ये पेरेयास्लाव्ह इथे त्यांनी मॉस्कोच्या झारशी करार केला. तेरा वर्षांनी, १६६७ मध्ये, मॉस्को आणि पोलंडने आंद्रुसोव्होचा तह करून नीपर नदीच्या धारेवर देश वाटून घेतला. पूर्व काठ मॉस्कोला, पश्चिम काठ पोलंडला. वर्धेसारखंच, काठावरच्या माणसाला विचारलं नाही.

आणि तिकडेही एका शब्दावरून भांडण आहे. पेरेयास्लाव्हला काय झालं? रशियन इतिहासकारांनी त्याला कायमचं एकत्र येणं म्हटलं. अनेक युक्रेनी इतिहासकार म्हणतात, तो अडचणीच्या वेळचा लष्करी करार होता. मूळ कागद टिकलेले नाहीत, नकला आणि भाषांतरं आहेत. आपल्याकडे 'असाइन'चा अर्थ काय यावर ९४ वर्षं वाद चालला, तिथे साडेतीनशेहून जास्त वर्षं चाललाय.

मागे जाऊ तितके मालक बदलतात. कीव्हच्या 'रूस' राज्याने ९८८ मध्ये ख्रिस्ती धर्म घेतला. रशिया आणि युक्रेन दोघंही स्वतःची सुरुवात तिथून मोजतात. १२४० मध्ये मंगोलांनी कीव्ह पाडलं. पुढे लिथुआनिया आणि पोलंड आले. क्रायमिया तातार खानांचा होता, तो १७८३ मध्ये कॅथरीनने रशियाला जोडला. १८७६ मध्ये झारने युक्रेनी भाषेत पुस्तकं छापायला बंदी घातली. १९३२-३३ मध्ये स्टालिनच्या धान्यवसुलीमुळे आलेल्या दुष्काळात लाखो माणसं मेली. जगातल्या सर्वांत सुपीक जमिनींपैकी एका जमिनीवर माणसं भुकेने मेली, हे मृदाशास्त्राच्या विद्यार्थ्याला वाचवत नाही. १९५४ मध्ये, पेरेयास्लाव्हच्या त्रिशताब्दीच्या वर्षी, सोव्हिएत सरकारने क्रायमिया रशियन प्रजासत्ताकाकडून युक्रेनकडे दिला. एकाच देशातल्या दोन प्रांतांमधला तो बदल होता. तेव्हा त्याला आंतरराष्ट्रीय सीमा होईल असं कोणाच्या ध्यानीमनी नसावं.

इथपर्यंत साम्य आहे. आता फरक बघा, कारण खरा मुद्दा फरकात आहे.

कागदाच्या कसोटीवर निजामाचा दावा मॉस्कोच्या दाव्यापेक्षा पक्का होता. १८५३, १८६०, १९०२, १९३६, प्रत्येक वेळी समोरच्या पक्षाने त्याचं सार्वभौमत्व लिहून दिलं होतं. मॉस्कोच्या बाबतीत उलट आहे. १९९४ मध्ये बुडापेस्टला युक्रेनने आपल्या भूमीवरची अण्वस्त्रं सोडायचं मान्य केलं आणि बदल्यात रशिया, अमेरिका, ब्रिटन यांनी त्याच्या सीमांचा आदर करायचं लिहून दिलं. १९९७ च्या मैत्री करारात रशियाने ते पुन्हा मान्य केलं. सातबारावर दुसऱ्याचं नाव स्वतःच्या सहीने चढवल्यावर पुढचा दावा जुन्या वंशावळीवरच करावा लागतो. जुलै २०२१ मध्ये पुतिन यांनी रशियन आणि युक्रेनी लोक ऐतिहासिकदृष्ट्या एकच आहेत, असं मांडणारा लांबलचक लेख लिहिला. २४ फेब्रुवारी २०२२ ला रणगाडे निघाले.

दुसरा फरक त्याहून मोठा आहे. युक्रेनच्या लोकांना विचारलं गेलं होतं. १ डिसेंबर १९९१ च्या सार्वमतात ९० टक्क्यांहून जास्त मतं स्वातंत्र्याच्या बाजूने पडली. दोनेत्स्क, लुहान्स्कमध्येही ८० टक्क्यांहून जास्त. क्रायमियात सुमारे ५४ टक्के, म्हणजे काठावर, पण बहुमत. वऱ्हाडला जे कधी मिळालं नाही, ते युक्रेनला मिळालं होतं, आणि तरी युद्ध टळलं नाही.

मग युद्धाचं मूळ कुठे? ९८८ किंवा १६५४ मध्ये नाही. ते जवळच्या घटनांत आहे. २००८ मध्ये नाटोने युक्रेनला कधीतरी सदस्य करू असं जाहीर केलं, पण तारीख दिली नाही आणि संरक्षणही दिलं नाही. मॉस्कोने त्याला धोका म्हटलं. नोव्हेंबर २०१३ मध्ये अध्यक्ष यानुकोविच यांनी युरोपीय संघाशी करार करायचं ऐनवेळी टाळलं, कीव्हच्या मैदानात लोक उतरले, फेब्रुवारी २०१४ मध्ये यानुकोविच पळाले. लगेच रशियाने क्रायमिया घेतला आणि डोनबासमध्ये लढाई पेटली. शेजारचा मोठा देश एका लहान देशाला स्वतःची दिशा ठरवू देईल का, हा तो प्रश्न होता. सुरक्षेची भीती कोणाला कितपत खरी वाटते यावर अभ्यासकांचे मतभेद आहेत, ते जरूर वाचा. पण भीती असणं आणि मुलुखावर हक्क असणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, आणि जुना इतिहास बहुतेकदा पहिलीला दुसरीचे कपडे घालायला वापरला जातो.

संशोधन करणाऱ्यांसाठी तीन गोष्टी

पहिली: 'मुळात' हा शब्द आला की विचारा, कोणत्या तारखेपासून? आपल्या भाषेत सांगायचं तर बेसलाइन कोणती? प्रयोगात आपण सोयीची बेसलाइन निवडली तर गाईड लगेच पकडतात. इतिहासाच्या दाव्यात ती कोणी पकडत नाही, म्हणून ती आपण पकडायची. १८०० धरलं तर यवतमाळ दोअमलीत, १८१० धरलं तर निजामाचं, १९१० धरलं तर दोन उत्तरं. तारीख निवडणाऱ्याने तीच का निवडली, हा खरा प्रश्न.

दुसरी: नाव, कारभार आणि लोकांची इच्छा हे तीन वेगळे रकाने ठेवा. वऱ्हाडात पहिला निजामाचा, दुसरा इंग्रजांचा, तिसरा दोघांचाही नाही. १९९१ नंतरच्या युक्रेनमध्ये तिन्ही रकान्यांत एकच नाव होतं. म्हणून 'दोन्ही सारखंच' म्हणून मोकळं होता येत नाही.

तिसरी माझ्या स्वतःच्या चुकीतून आलेली. १९०३ आधीचे वऱ्हाडचे शेतीचे अहवाल मला वर्षभर सापडत नव्हते. कारण मी 'मध्यप्रांत' या नावाखाली शोधत होते. तोपर्यंत वऱ्हाडचा कारभार हैदराबादच्या रेसिडेंटच्या हाताखाली होता, आणि कागद 'हैदराबाद असाइन्ड डिस्ट्रिक्ट्स' या नावाने लावलेले होते. शिवाय मी १९०१ च्या जिल्ह्याचे आकडे १९११ च्या आकड्यांशी सरळ जुळवले होते. पुसद तालुका मध्येच आत आलाय हे माहीत नसल्यामुळे मला कापसाखालचं क्षेत्र 'वाढलेलं' दिसत होतं. वाढलं होतं जिल्ह्याचं क्षेत्रफळ. तो अख्खा तक्ता तालुकावार पुन्हा करावा लागला, दोन महिने गेले. सर त्या दिवशी उठले नसते तर तो आलेख तसाच थीसिसमध्ये गेला असता.

स्लाइड बदलली. आता नकाशाखाली लिहिलंय: 'यवतमाळ जिल्हा, वऱ्हाड, १९०८. सार्वभौमत्व निजामाचं, कारभार ब्रिटिशांचा.' ओळ लांब झाली, नकाशा थोडा लहान करावा लागला.

दिवाळीत आजोळी गेले तेव्हा आजीला सांगितलं की तुझ्या लहानपणी उमरखेडही कागदावर मोगलाईतच होतं. तिने माझ्याकडे असं पाहिलं की पीएचडी करून पोरगी बिघडली. म्हणाली, "असं कसं? मग ते लोक नदी उतरून आपल्याकडे कशाला आले असते?"

सध्या तरी या प्रश्नाला माझ्याकडे कोणत्याही तहातलं कलम नाही.